चौथ्या खंडावरचे हात

वकील लोक पुस्तकं चोरत नाहीत, हे मी अठ्ठावीस वर्षांच्या अनुभवावरून छातीठोकपणे सांगते. ते लपवतात. चोरीचं कलम त्यांना पाठ असतं, लपवण्याला कलमच नाही. समोरचा वकील उद्या ज्या निवाड्याचा आधार घेणार, तो खंड आज संध्याकाळी उचलायचा आणि त्याच ग्रंथालयात भलत्याच कपाटात उलटा खोचून ठेवायचा. उलटा म्हणजे पुस्तकाची पाठ आत आणि पानांची कड बाहेर, म्हणजे नाव दिसायला नको. पुस्तक ग्रंथालयातच आहे, नोंदवही साफ आहे, आणि समोरचा वकील सकाळी शोधून शोधून घामाघूम.

मी वैजयंती उबाळे, तांबुळगड जिल्हा वकील संघाची ग्रंथपाल. आमच्याकडे लपवण्याच्या जागाही ज्याच्या त्याच्या ठरलेल्या होत्या. एकजण जुन्या राजपत्रांच्या गठ्ठ्यांमागे ठेवायचे, एकजण आयकराच्या कपाटात सगळ्यात वर, कारण आयकराची पुस्तकं आमच्या गावात कुणी उघडत नाही. मला सगळ्या जागा ठाऊक होत्या. सकाळी दहाच्या आत मी गुपचूप फेरी मारायची, खंड काढून जागेवर लावायची आणि कुणाचं नाव कुणाला सांगायची नाही. माणूस काय वाचतो ते कळलं की त्याचा खटला कळतो, कधी कधी त्याचं घरही कळतं. तोंडाला कुलूप घातल्याशिवाय ग्रंथपालानं त्या खुर्चीत बसू नये, असं माझं ठाम मत आहे.

आता तुम्ही विचाराल, २०४१ साली कागदाचे खंड लपवून कुणाचं काय अडतं? अडतं हो. मध्यंतरी वकिलांच्या हाताखालची यंत्रं इतकी हुशार झाली, की न झालेल्या खटल्यांचे निवाडेही तारीखवार लिहून देऊ लागली. न्यायालयं विटली. मग नियम आला की प्रमाणित यादीत नसलेला जुना निवाडा दाखवायचा असेल तर मूळ छापील खंड न्यायासनासमोर ठेवायचा, आणि सोबत ग्रंथपालाचा दाखला जोडायचा की हे पान खरं आहे, मी डोळ्यांनी पाहिलं आहे. ज्या बाईला लोक 'जरा पंखा लावा' एवढंच सांगायचे, तिची सही मिळाल्याशिवाय युक्तिवाद पुढे सरकेना. मी या बदलानं फार सुखावले होते, खोटं कशाला बोला.

माझी मुलगी शर्वरी याच न्यायालयात वकिली करते. तीन वर्षं तिनं ॲडव्होकेट विश्वंभर दप्तरदारांकडे उमेदवारी केली. सगळे त्यांना तात्या म्हणतात. वय अठ्ठ्याहत्तर, आवाज मात्र तिशीतला. यंदा तिनं स्वतःचा पहिला मोठा दावा घेतला आणि नेमके समोर तात्याच उभे राहिले. किल्ल्याच्या दरवाजासमोर जो चौथरा आहे, त्यावर बुरूड समाजाच्या एकतीस बायका सूप-टोपल्या विकायला बसतात. त्यांच्या आज्या-पणज्याही तिथेच बसत. त्या जागी एका ठेकेदाराला बहुमजली वाहनतळ बांधायचा होता. तात्या ठेकेदाराचे वकील, शर्वरी बायकांची.

शर्वरीच्या हातात एकच हुकमी पत्ता होता. जुन्या तांबुळगड संस्थानच्या न्यायालयानं १९३१ साली निवाडा दिला होता की तो चौथरा बुरूड बायकांचा आहे आणि त्यांना तिथून कुणी उठवू नये. तो छापलेला होता 'संस्थानी निवाडे, खंड चौथा', पान दोनशे बारा. जगात त्याची एकच प्रत उरलेली, माझ्या ग्रंथालयात.

आणि तो खंड गायब झाला.

एप्रिलच्या शेवटच्या संध्याकाळी मला तो जागेवर दिसला नाही. सकाळच्या फेरीत मी सगळ्या ठरलेल्या जागा पाहणार, तोवर मे महिन्याच्या सुट्टीत रंगकाम निघालं. रंगाऱ्यांनी कपाटं रिकामी केली आणि बावीस हजार पुस्तकं वाटेल तशी परत रचली. विम्याच्या कायद्याशेजारी जंगलाचा कायदा, त्यावर पोलीस नियमावली आडवी. मी डोक्याला हात लावला. जूनमध्ये सुनावणी झाली तेव्हा शर्वरीकडे खंड नव्हता. न्यायाधीशांनी ऑगस्टपर्यंतची शेवटची मुदत दिली. तोवर मूळ पान समोर आलं नाही, तर तो निवाडा झालाच नाही असं धरू, म्हणाले.

घरी जेवताना मी म्हटलं, "तात्यांनीच दडवला असणार. सगळे तेच म्हणतात."

"कुणाचं नाव कशाला घेतेस, आई," शर्वरी ताटाकडे बघत म्हणाली.

मला तिचं कौतुक वाटलं. शर्वरीचे बाबा पाटबंधाऱ्याच्या नोकरीत बदलीवर नंदुरबारला असतात, त्यांना फोन करून मी सांगितलंही, की पोरीचं मन बघा किती मोठं आहे.

जुलैत मुंगूस आलं. यंत्राचं खरं नाव लांबलचक आहे, पण बुटक्या चाकांच्या गाडीवर लांब नाकाडासारखी नळी, आणि ती कपाटाच्या फळीफळीला हुंगत फिरते, हे पाहिल्यावर पहिल्याच दिवशी कुणीतरी मुंगूस म्हणालं आणि तेच चिकटलं. मुंगूस बंद पुस्तक वाचतं. पुस्तक उघडावं लागत नाही, कपाटातून काढावंही लागत नाही.

हे कसं होतं ते मला कंपनीच्या माणसानं समजावलं आणि मी ते इतक्या जणांना समजावलं आहे की आता तोंडपाठ झालं आहे. रेडिओच्या लहरी आणि उष्णतेच्या लहरी यांच्यामध्ये एक पट्टा आहे, टेराहर्ट्झ लहरींचा. या लहरी कागदातून आरपार जातात. पण मिटलेल्या पुस्तकातही दोन पानांच्या मध्ये हवेचा एक थर असतो, केसाच्या जाडीहूनही पातळ. कागद संपून हवा लागली की लहरीचा थोडा भाग माघारी फिरतो. पहिल्या पानाचा आधी येतो, दुसऱ्याचा त्यानंतर, आणि दोन्हींमधलं अंतर सेकंदाच्या लाख कोटीव्या भागाहूनही कमी असतं. मुंगूस तेवढ्या फरकावरून पानं वेगळी काढतं. कोऱ्या कागदाचा आणि शाईचा प्रतिसाद निराळा असतो, त्यावरून अक्षरं कळतात. बास, इतकंच.

पहिल्या दिवशी चाळीस मिनिटांत मुंगसानं बावीस हजारांतून चौथा खंड शोधून काढला. सागरी विम्याच्या कपाटात, खालून दुसऱ्या फळीवर, उलटा. समुद्र आमच्यापासून दोनशे किलोमीटरवर आहे. बाररूममधून सगळे धावत आले. शर्वरीनं खंड दोन्ही हातांनी छातीशी धरला आणि रडली. मीही रडले. वकील संघाच्या अध्यक्ष नसीम बागवान यांनी सगळ्यांना चहा पाजला.

दुःख एवढंच होतं की मुंगसाला आणखी एक विद्या येत होती.

आपण पान उलटतो तेव्हा बोटांचं तेल कागदात मुरतं. त्वचेतल्या या तेलात दहा-बारा पदार्थ असतात आणि त्यांचं प्रमाण प्रत्येक माणसात वेगळं असतं, वयाप्रमाणे, खाण्याप्रमाणे, प्रकृतीप्रमाणे. मुरलेलं तेल हवेनं हळूहळू बदलत जातं. किती बदललं त्यावरून हात कधी लागला ते आठवड्याच्या अंदाजानं सांगता येतं. आणि एकाच जागी दोन हात लागले असतील, तर कुठला खाली आणि कुठला वर ते बिनचूक सांगता येतं. हात कुणाचा हे ओळखायला आमच्या दाराशी हजेरीची काचपट्टी होतीच, तिच्यावर रोज सगळे सदस्य पंजा टेकवतात.

हा भाग कंपनीनं वाईट हेतूनं केला नव्हता. कुठली पुस्तकं कुणी वाचत नाही ते कळावं आणि रद्दीत काढता यावीत, एवढ्यासाठी होता. त्याची किल्ली फक्त माझ्याकडे. मी उत्सुकतेनं एक दुपार ती नोंद वाचली आणि दुसऱ्या दिवशी वाचायची बंद केली. पुरावा कायद्यावर अधिकारवाणीनं बोलणाऱ्या एका ज्येष्ठांचा हात त्या ग्रंथाच्या चाळिसाव्या पानापुढे गेलाच नव्हता, हे ठीक, हसून सोडून द्यावं. पण पोटगीचं पान ज्यांनी महिन्याभरात चारदा उघडलं होतं, त्यांच्या पत्नी दर संक्रांतीला मला आठवणीनं तिळगूळ देतात. मला ते कळायला नको होतं. आता मी त्यांच्या डोळ्याला डोळा कशी देणार?

इकडे बाररूममध्ये कुजबुज वाढली. खंड सापडला, पण दडवला कुणी? ज्याचा फायदा त्याचंच काम, असं म्हणून सगळे तात्यांकडे बघत. एके दिवशी तात्या काठी टेकत माझ्या टेबलापाशी आले.

"उबाळेबाई, चोपन्न वर्षं वकिली केली. या वयात मला हे ऐकून घ्यायचं नाही."

"तात्या, चोर कुणीच म्हणत नाही तुम्हाला."

"लपव्या म्हणतात. ते जास्त लागतं," तात्या म्हणाले. "तुमच्या मुंगसाला सगळं कळतं ना? मग चौथा खंड कुणी दडवला त्याची नोंद शनिवारी सर्वसाधारण सभेत वाचून दाखवा. मी लेखी अर्ज दिला आहे. मी तो खंड लपवलेला नाही, आणि हे मी शपथेवर सांगतो."

ते गेल्यावर मी मुंगूस चौथ्या खंडापाशी नेलं. अर्ज आला आहे, निदान आत काय आहे ते आपल्याला ठाऊक हवं, अशी मी स्वतःची समजूत घातली.

खंड सापडल्यानंतरचे हात सोडले, तर सगळ्यात वर रंगाऱ्यांचे हात होते, चुन्याचे, फक्त पुठ्ठ्यावर. त्याखाली तात्या. पान दोनशे बारा, तेरा, चौदा, आणि पानांची बाहेरची कड. पुस्तक उलटं खोचताना बोटं नेमकी त्या कडेवर दाबली जातात. म्हणजे हेच, मी मनात म्हटलं. पण तात्यांच्याही खाली, त्याच कडेवर, आणखी एक हात होता. एप्रिलचा शेवटचा आठवडा. शर्वरी उबाळे.

मी दोनदा तपासलं. तिसऱ्यांदा तपासायचा धीर झाला नाही.

आधी मला समजेना. स्वतःच्याच बाजूचा निवाडा कुणी लपवतं का? मग समजलं, आणि खोटं नाही सांगत, भीती वाटत असतानाही मला हसू आलं. तात्यांच्या हाताखाली तयार झालेली पोर. समोरचा वकील खंड दडवणार हे तिनं गृहीतच धरलं. तो दडवेल त्याआधी आपणच दडवून ठेवू, म्हणजे सुरक्षित राहील, असा तिनं विचार केला असणार. मग रंगाऱ्यांनी कपाटं हलवली आणि बाईसाहेबांना स्वतःच लपवलेलं पुस्तक सापडेना. आईला सांगायची सोय नाही. तीन महिने ही मुलगी माझ्याबरोबर ते पुस्तक शोधत होती.

आणि तात्या? त्यांना तो मध्येच सापडला असणार. वाचला, आपल्या विरुद्ध आहे हे पाहिलं, आणि होता तसा उलटा ठेवून दिला. मी लपवलेला नाही, ही त्यांची शपथ अक्षरशः खरी होती. आपलं वाचणंही कागदावर उमटलं असेल, हे काही त्यांच्या ध्यानात आलं नव्हतं.

हसू फार टिकलं नाही. नोंद सभेत वाचली तर वकील परिषदेकडे तक्रार जाणार, आणि पहिल्याच मोठ्या दाव्यात शर्वरीच्या सनदेवर गदा येणार. नाही वाचली तर एका म्हाताऱ्या माणसावर, न केलेल्या गोष्टीचा आळ तसाच राहणार, आणि तोही माझ्या लेकीमुळे. अठ्ठावीस वर्षं मी कुणाचं नाव सांगितलं नाही. पण आजवर त्या नावांत माझं कुणी नव्हतं. आता मी तत्त्वासाठी गप्प बसते आहे की पोरीसाठी, हे मलाच सांगता येईना. याचा मला फार त्रास झाला.

गुरुवारी नसीमताईंनी बोलावून घेतलं.

"बाई, तात्यांचा अर्ज आहे, टाळता येणार नाही. तुम्ही नोंद दिली नाहीत तर कार्यकारिणी किल्ली दुसऱ्या कुणाकडे सोपवेल. मग ते सगळ्याच पुस्तकांच्या नोंदी वाचतील."

पोटगीचं पान माझ्या डोळ्यांसमोर आलं. "अध्यक्ष, एक सुचवते," मी म्हटलं. "वाचण्याची नोंद ही वाचणाऱ्याची. ज्याची त्याला द्यायची, दुसऱ्या कुणाला नाही. ज्याला हवा त्यानं अर्ज करावा, चौथा खंड सापडण्याआधी त्याला लागलेल्या स्वतःच्या हाताचा उतारा न्यावा. दाखवायचा तर दाखवावा, नाहीतर खिशात ठेवावा. तात्यांना नाव साफ करायचं आहे ना, ते त्यांच्याच हातात राहील."

नसीमताईंना ते पटलं. तासाभरात सूचना लागली. सुटलो एकदाचे, असं मला वाटलं. किती भाबडी मी.

शुक्रवारी दाराबाहेर रांग लागली. जिल्ह्यातल्या झाडून सगळ्या वकिलांना आपण निर्दोष आहोत याचा कागद हवा होता. ज्यांनी उभ्या आयुष्यात संस्थानी निवाड्यांचं कपाट पाहिलं नव्हतं तेही रांगेत. मी प्रत्येकाला 'निरंक', म्हणजे हात लागलेला नाही, असं लिहून सही करून देत होते, आणि ते कागद घेऊन लोक सूचनाफलकावर टाचत होते, दहावीचा निकाल लागल्यासारखे. चार वाजता मी फलकाकडे पाहिलं. ज्यांचे कागद तिथे नव्हते तेवढीच नावं आता उरत होती. नियम मी केला होता आणि तो गोल फिरून माझ्याच घरी येत होता.

तात्या रांग संपल्यावर आले. मी उतारा पाकिटात घालून दिला. त्यांनी तिथेच उभ्यानं पाकीट फोडलं, चष्मा वर केला, खाली केला.

"बाई, यंत्र चुकतं का कधी?"

"चुकू शकतं, तात्या. पुन्हा तपासू?"

त्यांनी कागद पुन्हा एकदा वाचला. "नको," म्हणाले. कागदाची चौघडी करून त्यांनी कोटाच्या आतल्या खिशात ठेवली आणि निघून गेले.

शनिवारी सकाळी त्यांनी अर्ज मागे घेतला. कारण, वैयक्तिक. झालं, बाररूमनं त्याचा अर्थ लावायला पाच मिनिटं घेतली नाहीत. कँटीनमध्ये तात्या चहा घेत होते तेव्हा मागच्या टेबलावरून कुणीतरी मोठ्यानं म्हणालं, "माझी वही जपून ठेवा रे, तात्या बसलेत इथे." सगळे हसले. तात्यांनी मान वर केली नाही. कागद दाखवला तर खंड सापडूनही गप्प बसले हे कळलं असतं, आणि न दाखवला तर लपवल्याचा आळ तसाच राहिला असता. कायद्याच्या पेचात आयुष्यभर दुसऱ्यांना पकडणारा माणूस स्वतः असा अडकला होता.

शर्वरी त्याच कँटीनमध्ये होती, हे मला नंतर कळलं.

दुपारी तीनला ग्रंथालय भरलेलं होतं. ती सरळ माझ्या टेबलापाशी आली. कामाच्या ठिकाणी ती मला आई म्हणत नाही.

"मॅडम, माझा उतारा हवा आहे."

"अर्ज?"

तिनं अर्ज पुढे केला. अक्षर नेहमीसारखं नव्हतं. मला म्हणावंसं वाटलं, जा बाळ, अर्ज मागे घेतलाय तात्यांनी, विषय संपला. मी म्हटलं नाही. उतारा लिहिला, सही केली, शिक्का मारला. तिनं तो वाचला आणि मागे वळून, कोर्टात वाचतात तशा आवाजात पुन्हा वाचला.

"'खंड चौथा. शर्वरी उबाळे. पुठ्ठा, पान दोनशे बारा, आणि पानांची बाहेरची कड. एप्रिलचा शेवटचा आठवडा.' कड म्हणजे खंड उलटा खोचला. तो मी खोचला. आयकराच्या कपाटात, सगळ्यात वर."



"निवाडा माझ्याच बाजूचा होता," ती म्हणाली. "दुसरं कुणी दडवेल म्हणून आधी मीच दडवला. मग रंगकाम झालं आणि मला सापडेना. तात्यांनी लपवलेला नाही. तीन महिने त्यांच्याबद्दल लोक बोलत होते आणि मी ऐकत होते. त्याची मला लाज वाटते."

मागून कुणीतरी फिस्सकन हसलं. "स्वतःचाच खंड?" असं कुणी विचारलं, आणि सगळं ग्रंथालय हसत सुटलं. शर्वरी रडत होती आणि तिलाही हसू आवरत नव्हतं. माझी मान शरमेनं खाली गेली होती, पण तिच्याबद्दल इतका अभिमान मला तिच्या सनदेच्या दिवशीही वाटला नव्हता.

खिडकीजवळच्या खुर्चीतून तात्या उठले. त्यांनी आतल्या खिशातली चौघडी काढली.

"हसून झालं असेल तर हेही ऐका. 'विश्वंभर दप्तरदार. पान दोनशे बारा ते चौदा, बाहेरची कड. एप्रिलअखेर.' मला तो खंड आयकराच्या कपाटात सापडला होता. वाचला. तीन पानं वाचली, तिन्ही माझ्या विरुद्ध होती. होता तसा उलटा ठेवून आलो. मी लपवला नाही ही शपथ खरी होती, आणि असली खरी शपथ घेतल्याबद्दल माझ्या एखाद्या ज्युनियरला मी दाराबाहेर काढलं असतं." मग ते शर्वरीकडे वळले. "पण काय गं, ती जागा तुला कुणी दाखवली?"

"तुम्हीच, तात्या. दुसऱ्या वर्षी. शिडी मीच धरली होती."

आता मात्र नसीमताईसुद्धा हसल्या.

कार्यकारिणीनं दोघांनाही एक महिना ग्रंथालयबंदीची शिक्षा दिली आणि प्रकरण परिषदेकडे न्यायचं नाही असं ठरवलं. ज्याची नोंद त्यालाच, हा नियम कायमचा केला. आणखी तीन जिल्ह्यांतून त्याची प्रत मागवली गेली. नोंद कुणाची यावर अशी काही चर्चा होईल, हे मी ग्रंथालयशास्त्र शिकले तेव्हा कुणाच्या स्वप्नातही नव्हतं. आता माझं निम्मं काम तेच आहे.

मंगळवारी सुनावणी होती. दोघांनाही बंदी, म्हणून खंड मी स्वतः घेऊन गेले. शर्वरी उठण्याआधी तात्या उठले. "महाराज, एक निवाडा दाखल करतो. तो माझ्या अशिलाच्या विरुद्ध आहे, पण तो मी वाचलेला आहे, त्यामुळे न्यायालयापासून दडवणं मला शोभणार नाही," असं म्हणून त्यांनी पान दोनशे बारा उघडून न्यायाधीशांच्या लेखनिकाकडे दिलं. मग त्याच निवाड्याविरुद्ध ते पाऊण तास इतके सुंदर बोलले की मला धडकी भरली. तरी चौथरा बुरूड बायकांकडेच राहिला. त्यांच्यातल्या एकीनं बाहेर आल्यावर शर्वरीला एक सूप दिलं आणि तसलंच एक तात्यांनाही दिलं. ते काखोटीला मारून तात्या पायऱ्या उतरले.

त्या संध्याकाळी शर्वरीनं स्वयंपाक केला. पिठलं, भाकरी, कांदा. दोन घास झाल्यावर म्हणाली, "आई, मी शनिवारी आले नसते तर?"

"तर काय?"

"तुला आधीच ठाऊक होतं ना? तू सांगितलं असतंस?"

"नाही."

"तात्यांवर आळ राहिला असता तरी?"

मी पाणी प्यायले. "शनिवारी सकाळी मी राजीनामा लिहिला होता. सोमवारी देणार होते. तुझं नाव सांगितलं असतं तर मला या घरात राहता आलं नसतं, आणि न सांगता त्या खुर्चीत बसता आलं नसतं."

 "अठ्ठावीस वर्षांची नोकरी? मग मला घरी का नाही विचारलंस? मी त्याच दिवशी कबूल केलं असतं."

"विचारलं असतं तर तू माझ्यासाठी कबूल केलं असतंस," मी म्हटलं. "तू आपणहून आलीस. म्हणून मी सोमवारी कामावर गेले."

तिनं ताटातला घास संपवला. मग उठली, तवा परत गॅसवर ठेवला आणि माझ्याकडे न बघता म्हणाली, "अजून एक भाकरी टाकू?"

मी हो म्हटलं.